भरतीची वेळ आणि पुराची वेळ : बोर्ली पंचतनच्या निमित्ताने

बोर्ली पंचतन हे श्रीवर्धन तालुक्यातले बाजारपेठेचे गाव. समुद्र इथून चार-पाच किलोमीटरवर, दिवेआगरला. उत्तरेला राजपुरीची खाडी आणि तिच्या तोंडाशी दिघी, दक्षिणेला हरिहरेश्वरापाशी समुद्राला मिळणारी सावित्रीची बाणकोट खाडी, पूर्वेला म्हसळ्याकडे चढत जाणारे डोंगर. मधल्या सपाटीत भाताची खाचरे आणि नारळी-पोफळीच्या वाड्या. अशा गावाला पूर कुठून येईल, या प्रश्नाला एक उत्तर नाही. डोंगराच्या कुशीतल्या वाडीला ओढ्याची आणि दरडीची भीती, सखल पाखाडीला तुंबलेल्या पाण्याची, किनाऱ्यावरच्या घराला वादळाची. तरीही पावसाळ्याआधीच्या बैठकीत या सगळ्यांना मिळून एकच सूचनापत्रक वाटले जाते. पूरसुरक्षेच्या विचारातली पहिली चूक मला इथे दिसते.

आपल्याकडे पुराची मोजदाद पाण्याच्या उंचीने होते. पोटरीभर, कमरेएवढे, माळ्याला लागलेले. उंचीवरून नुकसान कळते. माणूस वाचला की गेला, हे मात्र बहुतेक वेळा वेळेवर ठरते. धोक्याचे पहिले लक्षण दिसल्यापासून बाहेर पडायची वाट बंद होईपर्यंत हातात जो वेळ असतो, त्याला या लेखात मी 'अवधी' म्हणतो. रायगड आणि शेजारच्या जिल्ह्यांतल्या 1989 पासूनच्या आपत्ती या अवधीच्या कसोटीला लावून पाहिल्या, तर चार निरनिराळे धोके वेगळे होतात. घाटातून उतरणारे पाणी, खाडीत अडकणारे पाणी, पाण्याने सुटणारा डोंगर आणि वादळाबरोबर येणारा समुद्र. चारही पावसाळ्याच्या आगेमागे येतात, म्हणून आपण त्यांना एकाच नावाखाली टाकतो. प्रत्येकाचा अवधी वेगळा आहे, आणि एकापासून वाचवणारी कृती दुसऱ्याच्या तोंडी देऊ शकते.

घाटातून उतरणारे पाणी

23 आणि 24 जुलै 1989 रोजी सह्याद्रीच्या माथ्यावर झालेल्या पावसाने अंबा नदीला जो पूर आला, त्यात सुधागड तालुक्यातले जांभूळपाडा उद्ध्वस्त झाले आणि खाली नागोठण्यापर्यंत हाहाकार उडाला. रायगडमधल्या जुन्या माणसांच्या बोलण्यात आजही कालगणना 'जांभूळपाड्याच्या पुराआधी' आणि 'नंतर' अशी होते. कोकणातल्या नद्या आखूड आहेत. घाटमाथ्यावरून निघालेले पाणी काही तासांत खाडीला लागते, आणि डोंगराच्या पायथ्याच्या गावाला ते तासाभरातही गाठू शकते. गावात पाऊस थोडाच असतो, वर मात्र ढग रिकामे होत असतात. म्हणून अंगणात किती पाऊस पडला, यावरून नदीचा अंदाज बांधणे धोक्याचे.

बोर्ली परिसरात अंबेसारखी मोठी नदी नाही, पण हेच गणित लहान ओढ्यालाही लागू पडते. एक चौरस किलोमीटरवर 100 मिलिमीटर पाऊस म्हणजे 1 लाख घनमीटर पाणी, दहा हजार लिटरचे दहा हजार टँकर. समजा एखाद्या ओढ्याचे पाणलोट क्षेत्र 5 चौरस किलोमीटर आहे आणि एवढा पाऊस तीन तासांत पडला. जुलैत जमीन आधीच तुडुंब भिजलेली असते, त्यामुळे मुरायला जवळजवळ वाव नसतो. मग ओढ्यातून सेकंदाला सरासरी 46 घनमीटर पाणी जायला हवे. रस्त्याखालची मोरी दोन मीटर रुंद आणि दीड मीटर उंच असेल, तर तिच्यातून सेकंदाला सहा ते नऊ घनमीटरच निघते. उरलेले पाणी रस्त्यावरून जाते, किंवा रस्त्यालाच धरण करून वरच्या अंगाच्या घरांत शिरते. हवामान विभागाच्या वर्गवारीत दिवसाला 115.6 मिलिमीटरपासून 'अतिजोरदार' आणि 204.4 च्या वर 'अत्यंत जोरदार' पाऊस धरतात. आपल्या किनाऱ्यावर हे आकडे दुर्मीळ नाहीत. मोऱ्या बांधताना मात्र कुठला पाऊस गृहीत धरला होता, हे सहसा कुणी विचारत नाही. मोरी तुंबवणाऱ्या कचऱ्यावर बोलणे सोपे असते, आणि साफ मोरीसुद्धा अपुरी पडू शकते ही गोष्ट मागे राहते.

वाहत्या पाण्यात उतरण्याबद्दल इथेच सांगतो, कारण कोकणात पुराने जाणारी कितीतरी माणसे घरात जात नाहीत, साकवावर किंवा बुडालेल्या फरशीवर जातात. पाण्याचा रेटा वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. अर्धा मीटर खोल पाण्यात उभ्या माणसाच्या दोन्ही पायांवर, वेग सेकंदाला एक मीटर असेल तर साधारण आठ किलोचा रेटा येतो. वेग दुप्पट झाला की तो तेहतीस किलोच्या आसपास जातो आणि तिप्पट झाला की पंचाहत्तरच्या. त्याच वेळी पाणी शरीर उचलून धरत असते, त्यामुळे पायाची पकड कमी झालेली असते, आणि खाली शेवाळलेला दगड असतो. गुडघ्याच्या थोडे वर पाणी पाहून 'एवढ्यातून काय होतंय' म्हणणारा माणूस खोली पाहत असतो, वेग पाहत नसतो. मोटारीचे गणित आणखी वाईट. एक टनाच्या गाडीच्या तळाला पाणी लागल्यावर आणखी पंधरा-सोळा सेंटिमीटर चढले की ती तरंगू लागते. म्हणजे जमिनीपासून एक फूटभर पाणी पुरते. दुचाकीला त्याहून कमी.

खाडीत अडकणारे पाणी

या प्रकाराला मी जास्त जागा देणार आहे. याचा अवधी आपल्याला कित्येक दिवस आधी काढता येतो, आणि तरीही आपण तो काढत नाही.

नदीचे शेवटचे काही किलोमीटर जवळजवळ सपाट असतात. ओहोटीला पाणी समुद्राकडे निघते. भरतीला समुद्राची पातळी वर येते, उतार मोडतो आणि वरून येणारे पाणी साचत जाते. अमावास्या-पौर्णिमेच्या आगेमागे उधाण असते, तेव्हा भरती सर्वांत उंच. अष्टमीच्या सुमाराला भांग, तेव्हा ती कमी. किनाऱ्यावरच्या कोळी बांधवांना आणि खारेपाटातल्या शेतकऱ्यांना भरतीची वेळ काढायला छापील तक्ता लागत नाही. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की भरतीचा तास मिळतो. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, द्वादशीला नऊ, पौर्णिमेला किंवा अमावास्येला सव्वाअकरा, आणि दुसरी भरती त्यानंतर साधारण साडेबारा तासांनी. प्रत्यक्ष भरती यापेक्षा अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होते, खाडीत आत जावे तशी आणखी उशिरा. पण नियोजनासाठी एवढी अचूकता पुरेशी आहे.

आता ज्ञात आपत्तींच्या तारखा या नियमाशेजारी ठेवून पाहू.

26 जुलै 2005 रोजी सांताक्रूझला चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस झाला. त्या महिन्याची पौर्णिमा 21 तारखेला होती. पौर्णिमा उलटून पाच दिवस, म्हणून पाऊणपटीने भरती पावणेचारला. प्रत्यक्षातही दुपारी चारच्या आतबाहेर साडेचार मीटरच्या जवळपास भरती होती, आणि पावसाचा सर्वांत मोठा मारा दुपारपासून रात्रीपर्यंतचा. मिठी नदीला बाहेर पडायला वाट हवी होती, नेमकी तेव्हा ती बंद होती. पुढे माधवराव चितळे यांच्या समितीने त्या पुराचा अभ्यास केला. पावसाचे पाणी आणि भरती यांचा एकत्र विचार मुंबईच्या नियोजनात तेव्हापासून खऱ्या अर्थाने रुजू लागला.

2 ऑगस्ट 2016 ची रात्र अमावास्येची होती. त्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा 1928 सालचा दगडी कमानींचा पूल कोसळला. एसटीच्या दोन गाड्या आणि इतर वाहने वाहून गेली, चाळीसच्या आसपास माणसे गेली. भरतीने पूल पाडला असे मी म्हणत नाही. जुन्या पायाची झीज हा स्थापत्यशास्त्राचा स्वतंत्र विषय आहे. पण महाड हे एके काळचे बंदर आहे, समुद्राच्या भरतीचा परिणाम तिथवर पोचतो, आणि घाटाचे पाणी व अमावास्येची मध्यरात्रीची भरती एकत्र येण्याची ती रात्र होती, एवढे पंचांगावरून आदल्या आठवड्यातही सांगता आले असते. त्या रात्रीची एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. जवळच्या गॅरेजमधल्या एका कामगाराच्या लक्षात आले की पुलाकडे गेलेल्या गाड्यांचे दिवे अचानक नाहीसे होत आहेत. त्याने रस्त्यावर येऊन मागची वाहने थांबवली. कोणतीही यंत्रणा पोचण्याच्या आत त्या एका माणसाने अवधी निर्माण केला.

22 जुलै 2021 ला चिपळूण आणि महाड बुडाले, तेव्हा पौर्णिमा दोन दिवसांवर होती. महाबळेश्वरला चोवीस तासांत 590 मिलिमीटरच्या वर पाऊस नोंदला गेला. सावित्री तिथेच उगम पावते, आणि त्याच डोंगररांगेचे पाणी चिपळूणच्या वाशिष्ठीलाही मिळते. घाटाचे पाणी आणि चढते उधाण, पुन्हा तीच जोडी.

तीन मोठ्या घटनांवरून नियम सिद्ध होतो असे मानू नये. जांभूळपाड्याचा पूर पौर्णिमेनंतर पाच-सहा दिवसांनी आला आणि तिथे भरतीचा संबंधही नव्हता. पाऊस प्रचंड असेल तर भांगाच्या दिवसांतही पूर येतो. माझे म्हणणे एवढेच की खाडीकाठच्या सखल वस्तीसाठी पावसाचा इशारा हा अर्धा इशारा आहे. उरलेला अर्धा भिंतीवरच्या पंचांगात आहे, आणि तो मोबाइलला रेंज नसतानाही वाचता येतो. पूर्ण भरतीच्या दोन तास आधीपासून दोन तास नंतरपर्यंत सखल भागातल्या पाण्याला वाट नसते. हे चार तास पूर्ण अंधारात येत असतील आणि हवामान विभागाचा ऑरेंज किंवा रेड अलर्ट असेल, तर म्हाताऱ्या माणसांना, लहान मुलांना आणि जनावरांना दिवेलागणीच्या आत हलवायला हवे. मध्यरात्री पाणी उंबऱ्याला लागल्यावर नाही.

युरोपातल्या समृद्ध देशालाही हा धडा जबर किमतीला मिळाला. 31 जानेवारी 1953 च्या रात्री नेदरलँड्सच्या किनाऱ्यावर वायव्येकडचे वादळ आणि उधाणाची भरती एकत्र आली. इशारा निघाला होता. पण शनिवारची रात्र, मध्यरात्रीनंतर रेडिओचे प्रसारण बंद, लोक झोपलेले. 1836 माणसे गेली. नंतर त्यांनी समुद्र अडवणारे प्रचंड बांध आणि दरवाजे उभारले, त्यांचे जगभर कौतुक होते. मला त्या कहाणीतला बंद रेडिओ अधिक महत्त्वाचा वाटतो. इशारा तयार होणे आणि तो माणसाच्या कानावर पडणे यांत जी फट राहते, ती तितकीच जीवघेणी असते. आपल्या पानशेतच्या 12 जुलै 1961 च्या दुर्घटनेतही धरण संकटात आहे हे ठाऊक असलेली माणसे होती. पुण्यातल्या नदीकाठच्या पेठांना मात्र वेळेवर स्पष्ट सूचना गेली नाही.

खाडीच्या पाण्याशी कोकणाने फार पूर्वी एक तडजोड केली होती, ती म्हणजे खारबंदिस्ती. समुद्राकडचा मोठा बांध तो बाहेरकाठा, आतला लहान तो आतकाठा, आणि बांधात जागोजागी उघाड्या. उघाडीचे काम पाहण्यासारखे असते. समुद्राच्या अंगाला वरून टांगलेली झडप असते. भरती चढू लागली की खारे पाणी तिला बाहेरून दाबून बंद करते. ओहोटी लागली की आत साचलेले पावसाचे पाणी तिला आतून ढकलून उघडते. माणूस नाही, मोटर नाही, वीज नाही. पण झडपेत एखादा ओंडका किंवा प्लॅस्टिकचा गुंता अडकला, बिजागरी गंजली किंवा तोंडाशी गाळ साचला, तर हीच उघाडी दोन्हीकडून घात करते. भरतीला खारे पाणी आत घेते आणि ओहोटीला गोडे बाहेर सोडत नाही. बांधाला खांड पडली तर एका उधाणात शेकडो एकर भातशेती खारी होते. स्वातंत्र्यानंतर खारभूमीसाठी कायदा झाला, 1979 मध्ये नवा अधिनियम आला आणि जबाबदारी शासनाकडे गेली. त्याबरोबर गावकीने एकत्र येऊन बांध घालण्याची सवय मोडत गेली. शासनाने पैसा द्यावा हे रास्तच आहे. पण मे महिन्यात उघाडी हाताने हलवून पाहायला मंत्रालयातून कोणी येणार नाही.

सुटणारा डोंगर

2005 च्या त्याच जुलैमध्ये, सगळ्या देशाचे लक्ष मुंबईकडे असताना, महाड तालुक्यातल्या दासगाव, जुई, कोंडिवते आणि रोहन या गावांवर दरडी कोसळल्या. दोनशेच्या आसपास माणसे गाडली गेली. 22 जुलै 2021 ला महाड तालुक्यातच तळिये गावावर डोंगर आला, ऐंशीहून अधिक माणसे गेली. 19 जुलै 2023 च्या रात्री खालापूर तालुक्यातली इर्शाळवाडी गेली. 27 मृतदेह हाती लागले आणि 57 माणसे बेपत्ता राहिली. इर्शाळवाडीचे नाव दरडप्रवण गावांच्या सरकारी यादीत नव्हते. यादी उपयोगाची असते, पण आपले नाव तिच्यात नाही म्हणून निर्धास्त राहण्याचा आधार तिने दिला तर ती घातक ठरते.

डोंगर सुटण्याची क्रिया पाण्याच्या पुरापेक्षा वेगळी आहे. काळ्या कातळावर झिजलेल्या मातीचा किंवा जांभ्याचा थर असतो. सलग दोन-तीन दिवस पाणी मुरत राहिले की मातीच्या कणांमधल्या पाण्याचा दाब वाढतो, वजन वाढते आणि कातळावरची पकड सुटते. शेवटच्या तासाचा पाऊस हा केवळ निमित्त. म्हणून इथे आजच्या पावसापेक्षा गेल्या तीन दिवसांची बेरीज महत्त्वाची. पाऊस थोडा उघडला म्हणून घरी परतलेली माणसे याच हिशेबात चुकतात.

लक्षणे घराच्या आसपासच असतात. अंगणात किंवा वरच्या उतारावर नवी भेग, काल नीट लागणारे दार आज चौकटीत अडकणे, विजेचा खांब किंवा झाड कलणे, बारमाही झऱ्याचे पाणी एकदम गढूळ होणे किंवा आटणे, नसलेल्या जागी नवा उमाळा फुटणे. यातले एकही दिसले तर अवधी किती आहे ते कोणालाच सांगता येत नाही. तो दोन दिवस असेल किंवा दहा मिनिटे. एकदा दरड सुटली की अवधी शून्य असतो. माती पाण्यासारखी चढत येत नाही, ती एकदम येते.

सूचनापत्रकातल्या 'पाणी वाढू लागताच उंच जागी जा' या वाक्यावर माझा आक्षेप इथे आहे. खाडीकाठच्या घराला ते बरोबर आहे. पण उंच जागा म्हणून लोक जर भिजलेल्या डोंगराच्या पायथ्याच्या शाळेत किंवा देवळात जाऊन बसले, तर एका संकटातून दुसऱ्यात गेले. उंच आणि उतारापासून लांब, या दोन्ही अटी एकदम पुऱ्या करणारी जागा प्रत्येक वाडीने उन्हाळ्यात, कोरड्या डोळ्यांनी शोधून ठेवली पाहिजे. पावसात घाईने निवडलेली जागा बहुधा यातली एकच अट पुरी करते.

वादळाबरोबर येणारा समुद्र

3 जून 2020 रोजी दुपारी साडेबारा ते अडीचच्या दरम्यान निसर्ग चक्रीवादळाने अलिबागच्या दक्षिणेला किनारा ओलांडला. वारे ताशी 110 ते 120 किलोमीटर. आपल्या गोलार्धात वादळाच्या वाटेच्या उजव्या हाताला वारा अधिक जोराचा असतो आणि तो समुद्राला जमिनीकडे ढकलतो. श्रीवर्धन तालुका त्या उजव्या हाताला आला. दिवेआगर, बोर्ली पंचतन, श्रीवर्धन या पट्ट्यात कौले आणि पत्रे उडाले, पिढ्यान्‌पिढ्या जोपासलेल्या पोफळीच्या बागा आडव्या झाल्या. श्रीवर्धनी रोठा सुपारीवर ज्यांचे घर चालते, त्यांचे नुकसान एका हंगामाचे नव्हते. पोफळ लावल्यावर धरायला सहा-सात वर्षे जातात.

माणसे मात्र तुलनेने फार थोडी गेली. वादळाचा अंदाज दोन-तीन दिवस आधी होता आणि हजारो लोकांना किनाऱ्यावरून हलवले होते. ओडिशाने हा मार्ग आधीच दाखवला होता. तिथे 29 ऑक्टोबर 1999 च्या महाचक्रीवादळात दहा हजारांच्या आसपास बळी गेले. 2013 च्या फायलिन वादळात बळींची संख्या काही डझनांवर आली, कारण लाखो लोक आधीच पक्क्या निवाऱ्यांत पोचले होते. चार धोक्यांपैकी अवधी सर्वांत मोठा इथेच मिळतो.

निसर्गच्या दिवशी आणखी एक गोष्ट आपल्या बाजूने होती, तिची चर्चा फारशी झाली नाही. पौर्णिमा 5 जूनला. पाऊणपटीने वादळाच्या दिवशीची भरती सकाळी नऊ-दहाच्या सुमाराची. वादळ किनाऱ्यावर चढले तेव्हा ओहोटी लागलेली होती. तेच वादळ चार तास आधी, किंवा दोन दिवसांनी भर दुपारच्या उधाणात आले असते, तर वाऱ्याने ढकललेले पाणी उधाणाच्या पातळीवर चढले असते, आणि दिवेआगरच्या वाड्यांत समुद्र किती आत आला असता याचा विचार करून अंगावर काटा येतो. 'निसर्गमध्ये आमच्याकडे समुद्र आत आला नव्हता' हा अनुभव पुढच्या वादळासाठी पुरावा म्हणून वापरू नये.

वादळानंतर कित्येक गावांत आठवडेच्या आठवडे वीज नव्हती, मोबाइलचे मनोरे बंद होते. त्या काळात अतिवृष्टी झाली असती तर इशारा पोचवणार कशाने? मंदिर-मशिदीचा भोंगा बॅटरीवर चालतो का, बॅटरीवरचा एखादा रेडिओ गावात कुणाकडे आहे, जिल्हा नियंत्रण कक्षाचा 1077 आणि आपत्कालीन 112 हे क्रमांक फोन लागत नसताना कशाच्या कामाचे, आणि तेव्हा मोटारसायकलवरून निरोप कोणी कुठे न्यायचा, हे आधी ठरवावे लागते.

गावाच्या पातळीवरचे काम

आपत्ती व्यवस्थापन कायद्याने 2005 पासून जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली जिल्हा प्राधिकरण आहे, एनडीआरएफचे पथक पुण्याजवळून निघू शकते, हवामान विभाग जिल्हावार रंग देतो. हे सगळे आवश्यक आहे. पण 'रायगड जिल्हा, रेड अलर्ट' या शब्दांत माथेरान आणि दिवेआगर एकत्र येतात. जिल्ह्याचा इशारा वाडीच्या भाषेत आणण्याचे काम ग्रामपंचायतीलाच करावे लागेल, आणि त्याला मोठा निधी लागत नाही.

बोर्लीसारख्या गावाने प्रत्येक वाडीपुढे एवढेच लिहावे: इथे चारांपैकी कोणता धोका आहे, बाहेर पडायची वाट कुठल्या मोरीवरून किंवा साकवावरून जाते, ती वाट आधी बंद होते की घर आधी बुडते, आणि जायची जागा कोणती. वाट आधी बंद होते की घर, हा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा. घर कोरडे असताना वाट बंद झालेली वाडी सुरक्षित दिसते आणि अडकते. बाळंतपण जवळ आलेली बाई, डायलिसिसवरचा रुग्ण किंवा अंथरुणाला खिळलेले माणूस अशा वाडीत असेल, तर त्यांचा अवधी बाकीच्यांपेक्षा कितीतरी आधी संपतो. त्यांना पाऊस सुरू होण्याआधीच हलवायचे असते. या यादीत आशा सेविकेचा शब्द अंतिम मानावा, कारण कुठल्या घरात कोण आहे हे तलाठ्यापेक्षा तिला चांगले ठाऊक असते.

पर्जन्यमापक तालुक्याला किंवा मंडळाला असतो. डोंगरापलीकडे दुपटीने पाऊस पडत असू शकतो. शाळेच्या अंगणात साधा पर्जन्यमापक ठेवून मुलांनी दर तीन तासांनी नोंद घेतली, तर तीन दिवसांची बेरीज फळ्यावर दिसत राहील आणि दरडीखालच्या वाडीला तीच बेरीज हवी असते. साकवाच्या खांबावर रंगाचे पट्टे ओढावेत. लाल पट्ट्याला पाणी लागले की साकव बंद. कुणाच्या विनंतीवरून तो उघडायचा नाही, एसटी खोळंबली तरी नाही.

पाणी ओसरल्यावरचा आठवडा शांत दिसतो, पण आजारपणे तिथूनच सुरू होतात. 2005 नंतर मुंबईत लेप्टोस्पायरोसिसने बळी घेतले. उंदरांच्या मूत्राने दूषित झालेल्या पाण्यातून, पायावरच्या साध्या खरचटण्यातून हा रोग शिरतो. चिखल उपसणाऱ्याला ताप आला तर तो 'भिजल्याचा ताप' म्हणून अंगावर काढू नये, पहिल्या-दुसऱ्या दिवशीच आरोग्य केंद्रात जावे. विहिरींचे काम जलसुरक्षकाचे. नेहमीचे प्रमाण हजार लिटरला अडीच ग्रॅम टीसीएल (ब्लीचिंग पावडर). तीन मीटर व्यासाच्या विहिरीत चार मीटर पाणी असेल तर ते सुमारे 28 हजार लिटर, म्हणजे साधारण 70 ग्रॅम. पुराचे पाणी शिरलेल्या विहिरीला याहून जास्त लागते. आधी उपसा, मग मात्रा, आणि ओटी टेस्टमध्ये क्लोरिन दिसेपर्यंत पिण्याला बंदी.

आणि पंचनाम्याची वाट पाहताना एक काम राहून जाते. भिंतीवर पाण्याची जी मळकट रेघ उमटते, ती घर धुताना पहिल्याच दिवशी जाते. जपानमध्ये आनेयोशी गावात 1933 च्या त्सुनामीनंतर लोकांनी 'याखाली घर बांधू नका' असा दगड उभा केला. 2011 ची लाट त्या दगडाच्या खालीच थांबली आणि वरची वस्ती वाचली. आपल्याकडे दगडाची गरज नाही, एक डबा ऑइलपेंट पुरेल. शाळा, ग्रामपंचायत, रेशन दुकान, देऊळ, मशीद, जिथे जिथे पाणी चढले तिथे धुण्याआधी रेघ ओढावी आणि तिच्याशेजारी तारीख, वेळ, तिथी आणि त्या वेळी भरती होती की ओहोटी, हे लिहावे. निसर्गच्या वेळची माणसे अजून गावात आहेत. त्या दिवसाच्या नोंदी त्यांच्याकडून आत्ताच लिहून घेता येतील.